पायाच्या अंगठ्याची साक्ष

चौतीस वर्षांच्या वकिलीत मी चारशे-साडेचारशे माणसांना आजारी पाडलं आहे. पुरुषांना कावीळ, बायकांना कंबरदुखी, म्हाताऱ्यांना सरसकट हृदयविकार. सगळे आजार कागदावर झाले आणि कागदावरच बरे झाले, त्यामुळे कुणाची तक्रार आली नाही.

हे का करावं लागे ते सांगतो. खालच्या कोर्टात दावा हरलात, तर वरच्या कोर्टात अपील करायला तीस दिवस मिळतात. एकतिसाव्या दिवशी गेलात की अपील बाजूला राहतं आणि आधी विलंब माफीचा अर्ज द्यावा लागतो. उशिराला पुरेसं कारण होतं हे त्यात दाखवायचं, तेही एकेका दिवसाचा हिशोब देऊन. अर्ज नामंजूर झाला तर तुमची बाजू कितीही खरी असो, ती ऐकायला कुणी बसत नाही. आता माणसाला खरोखर उशीर का होतो? घरात लग्न असतं, कागद कपाटात राहतो, भाऊ म्हणतो थांब जरा, बघू. आणि निम्म्या वेळा उशीर वकिलाकडूनच होतो. पण तसं लिहायची आमच्यात पद्धत नाही. म्हणून माझ्या संगणकात ‘विलंब’ नावाची एक फाईल होती. नाव बदलायचं, आजार बदलायचा, तारखा बदलायच्या, पाच मिनिटांत अर्ज तयार.

मग २०३८ साली ते यंत्र आलं.

खरं तर ते कोर्टासाठी केलेलंच नव्हतं. गरोदर बाईच्या अंगात रक्त नेमकं कधीपासून कमी आहे, हे एका प्रयोगशाळेला शोधायचं होतं. रक्त तपासलं तर आजचं कळतं, सहा महिन्यांपूर्वीचं कसं कळणार? त्यांनी नख धरलं. नख मुळाशी तयार होतं आणि पुढे सरकत राहतं. हाताच्या अंगठ्याचं नख दिवसाला जेमतेम एक दशांश मिलिमीटर वाढतं. त्या दिवशी रक्तात जे असेल त्याचा अंश त्या दिवसाच्या नखात अडकतो, आणि एकदा तयार झालेलं नख निर्जीव असल्यामुळे तो तिथेच राहतो. ताण आला की अंगात कॉर्टिसॉल वाढतं, झोप लागली की वेगळी द्रव्यं वाढतात, ताप आला की त्याची खूण निराळी. केसाहून बारीक प्रकाशकिरण नखावरून मुळापासून टोकापर्यंत फिरवायचा आणि परत येणारा प्रकाश वाचायचा. अंगठा एका डबीत घालून चार मिनिटं न हलता बसलं की कागदावर दोन रेषा उमटतात. निळी झोपेची, तांबडी ताणाची; ताप, दारू, साखर असलं काही असेल तर त्याच्या खुणा खाली. पाच-सहा महिन्यांतला प्रत्येक दिवस वेगळा दिसतो.

खोट्या अर्जांना कंटाळलेल्या कोर्टांनी ते उचललं. माणसाचं खासगीपण राहावं म्हणून नियम केला, की जेवढ्या दिवसांचा उशीर तेवढाच नखाचा भाग वाचायचा, मागचापुढचा नाही. आम्हा वकिलांच्या बाररूममध्ये त्याला नखपंचनामा म्हणतात. पहिल्याच महिन्यात घाडगे वकिलांचा न्यूमोनियाने अंथरुणाला खिळलेला एक पक्षकार रोज नऊ तास गाढ झोपत होता आणि दर संध्याकाळी दारू घेत होता, असं निघालं. समोरचा वकील मी होतो. घाडगे आठवडाभर बाररूमकडे फिरकले नाहीत.

पुढे एक गंमत झाली, ती आमच्यापैकी कुणाच्याच वेळेवर ध्यानात आली नाही. यंत्राला कारण कळत नव्हतं, त्रास कळत होता. त्यामुळे कारण पुरेसं आहे का, हा प्रश्न मागे पडला आणि दुःख पुरेसं आहे का एवढंच बघितलं जाऊ लागलं. तांबडी रेषा वर असेल तर विलंब माफ. खाली असेल तर घरी जा.

हेमलता फाळके माझ्याकडे आल्या त्या दिवाळी होऊन गेल्यावर. साठीची बाई, बोटांना माती, हातात कागदांची पिशवी आणि माझ्यासाठी गुलाबाचं एक रोप. कऱ्हाडच्या बाहेर घरामागे दहा गुंठ्यांत त्यांची गुलाबाची रोपवाटिका, बावीस वर्षं हाताने वाढवलेली. तिथे जायला शेजारच्या बाबरांच्या कुंपणालगत आठ फुटांची एकच वाट. ती वाट यांची नाही, असा निकाल सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात खालच्या कोर्टाने दिला होता. बाबरांनी भिंतीसाठी विटा आणून टाकल्या होत्या. भिंत उभी राहिली की आत टेम्पो सोडा, हातगाडीसुद्धा जाणार नव्हती, म्हणजे रोपवाटिका संपली.

“मुदत संपून एकोणचाळीस दिवस झालेत, हेमाताई,” मी म्हणालो. “इतके दिवस कुठे होता?”

“निकालानंतर आठवड्यात आमचे हे गेले हो, वकीलसाहेब.”

खरं सांगायचं तर मला मनातल्या मनात हायसं वाटलं. विधवा बाई, ताजं दुःख. हा अर्ज डोळे झाकून मंजूर होणार. पिशवी टेबलावर ठेवून घेतली आणि दोन दिवसांत दाखल करतो म्हणून सांगितलं.

त्यानंतर कोल्हापूरला भाच्याचं लग्न निघालं. मग मित्राच्या शेतावर हुरडा. मग बायको म्हणाली, गणपतीपुळ्याला किती वर्षांत गेलो नाही. अपील दाखल झालं ते आणखी बावीस दिवसांनी. एकूण उशीर एकसष्ट दिवस. ‘विलंब’ फाईल उघडून मी लिहिलं, की पतिनिधनाच्या तीव्र मानसिक धक्क्यामुळे अर्जदाराची अन्नावरची वासना व झोप उडाली होती, सबब एकसष्ट दिवसांचा विलंब. हेमाताईंनी अर्जावर आणि सोबतच्या प्रतिज्ञापत्रावर न वाचता सही केली. “तुम्ही लिहिलंय म्हणजे बरोबरच असणार,” म्हणाल्या. माझ्यावर एवढा विश्वास माझ्या बायकोचाही नाही.

सुनावणीला त्यांची मुलगी ईश्वरी हैदराबादहून रजा काढून आली होती. तिशीची, उंच. तिचा बेत होता, निकाल लागला की आईला चार महिने स्वतःकडे न्यायचं. न्यायाधीश मुलाणी मॅडमनी यंत्राचा अहवाल उघडला आणि भिंतीवरच्या पडद्यावर लावायला सांगितला.

निळी रेषा वर होती, इतकी वर की मी आजवर कुणाची पाहिली नव्हती. सुरुवातीला रोज अकरा-अकरा तास झोप, पुढे हळूहळू आठांवर आलेली. तांबडी रेषा तळाशी आडवी पडलेली. धक्का नाही, ताण नाही, उपास नाही. एकसष्ट दिवसांत साधी डोकेदुखीसुद्धा नाही.

घाडगे बाबरांच्या बाजूने उभे होते. न्यूमोनियाचा वचपा काढायची संधी त्यांना तीन वर्षांनी मिळत होती. “मॅडम, अर्जदार बाईंना धक्का बसला असं त्या शपथेवर सांगतात. त्यांचं नख सांगतं, त्या अगदी सुखात होत्या. इतकं सुख तर माझ्याही नखात सापडायचं नाही.”

कोर्टात हशा पिकला. मागच्या बाकावरून ईश्वरी उठली आणि कुणाकडे न बघता बाहेर गेली.

“वसगडेकर,” मॅडम मला म्हणाल्या, “हे प्रतिज्ञापत्र खोटं दिसतंय. आठ दिवस देते. खरं काय ते घेऊन या. नाहीतर अर्ज फेटाळून मी पुढची कारवाई सुरू करेन.”

बाहेर व्हरांड्यात ईश्वरी आईसमोर उभी होती. आवाज चढलेला नव्हता, पण मला तो ऐकवेना.

“तू फोन उचलायची नाहीस. मला वाटायचं, आई रडतेय, बोलवत नसेल तिला. मी तिकडे ऑफिसच्या बाथरूममध्ये जाऊन रडायचे. आणि तू झोपलेली असायचीस?”

“हो ग.”

“बाबा गेले आणि तुला बरं वाटलं?”

उत्तराची वाट न बघता ईश्वरी रिक्षा करून मैत्रिणीकडे निघून गेली. मी हेमाताईंना कॅन्टीनमध्ये नेलं, चहा मागवला. अपराधी वाटत होतं, आणि वाटायलाच हवं होतं.

“मी झोपले हो, वकीलसाहेब,” त्या म्हणाल्या. “पाप केलं का?”

मग त्यांनी जे सांगितलं ते मी आधी विचारायला हवं होतं. विलासराव एस.टी.चे ड्रायव्हर. निवृत्त झाल्यावर दोन वर्षांत स्मृती जायला लागली. सहा वर्षं तो आजार चालला. दिवसा शांत बसायचे, पण अंधार पडला की त्यांची ड्युटी सुरू व्हायची. गाडी काढायचीय, फलटणची पहाटेची फेरी आहे, पॅसेंजर खोळंबलेत. अडवलं तर दारावर धडका देत. एकदा डोकं फुटलं. मग हेमाताईंनी खाटेजवळ खुर्ची मांडली, त्यांना तिच्यावर बसवलं आणि स्वतः मागे कंडक्टर होऊन बसल्या. दोनदा टाळी वाजवली की गाडी सुटायची. एकदा वाजवली की थांबायची. उंब्रज, सातारा, वाठार करत गाडी उजाडताना फलटणला पोचली, की मग ते झोपत आणि यांना गुलाबांना पाणी द्यायची वेळ होई.

“सहा वर्षं?” मी विचारलं.

“शेवटची तीन तर रोजच. ते गेले तेव्हा रडले मी, पोटभर रडले. पण तेराव्यानंतर जी आडवी झाले ती उठवेचना. जेवायला उठायची आणि परत झोपायची. कोर्टाचा कागद उशाशी होता. रोज म्हणायची, उद्या जाऊ.”

“हे ईश्वरीला माहीत नाही?”

“ती फोन करायची तेव्हा मी सांगायची, बाबा छान झोपतात. ह्यांच्या शेवटच्या दिवाळीत आली तेव्हा तिने बघितलं, चार रात्री तीच बसली टाळ्या वाजवत. तर मी म्हटलं, तू आलीस म्हणून त्यांना आनंद झालाय, एरवी असं करत नाहीत. नवीन नोकरी होती तिची. कळलं असतं तर सोडून आली असती.”

मी कपाळावर हात मारला. सगळं पुराव्यानिशी नखातच होतं, पण नेमकं त्या भागात जो नियमाने वाचायचा नव्हता. आणि हातांच्या नखांत मावून मावून सहा महिने. ते मी त्यांना समजावून सांगितलं.

हेमाताईंनी चहाचा कप खाली ठेवला. “हाताचं सहा महिन्यांचं. आणि पायाचं? पायाच्या अंगठ्याचं नख किती हळू वाढतं, बघितलंय का कधी? जे हळू वाढतं त्यात जास्त दिवस असतात. गुलाबाच्या जुन्या खोडाचंही तसंच असतं.”

चौतीस वर्षं कायदा वाचून मला हे सुचलं नव्हतं. प्रयोगशाळेला फोन लावला. पलीकडची मुलगी म्हणाली, पायाच्या अंगठ्यात वर्ष-सव्वा वर्ष सहज मिळेल, किरण तेवढा बारीक आहे. मात्र मागचे दिवस वाचायला बाईंची स्वतःची लेखी संमती लागेल.

“पण हेमाताई, तो अहवाल पडद्यावर लागणार. ईश्वरी बघणार. सहा वर्षं जे लपवलंत ते सगळं.”

त्या बराच वेळ बोटांची माती काढत बसल्या. “वाट गेली तर मी रडेन, रोपं विकून टाकीन, जगेन,” त्या म्हणाल्या. “पण पोरीला जन्मभर वाटायला नको, की तिच्या बाबांच्या मरणावर आई सुखात लोळली. द्या कागद, सही करते.”

या वेळी त्यांनी सही करण्याआधी प्रत्येक ओळ वाचली.

आठ दिवसांनी यंत्रच कोर्टात आणलं होतं. ते हातासाठी केलेलं, टेबलावर ठेवायचं. हेमाताईंनी पाय कसा घालायचा? पट्टेवाल्याने एक स्टूल आणलं, ते उंच झालं. मग यंत्र जमिनीवर ठेवलं, त्याखाली जुन्या निकालपत्रांचे दोन गठ्ठे दिले, आणि हेमाताई पदर सावरून खुर्चीत बसल्या. घाडग्यांना राहवेना. “मॅडम, आता पुढच्या तारखेला ढोपर वाचायचं का?”

“तुमची जीभ वाचता येते का ते विचारते,” मॅडम म्हणाल्या. घाडगे बसले. ईश्वरी मागच्या बाकावर हाताची घडी घालून बसली होती.

चार मिनिटांनी पडद्यावर रेषा आल्या. चारशेहून अधिक दिवस होते. निळी रेषा जमिनीवरून सरपटत होती. दोन तास. अडीच तास. दीड तास, तोही तुकड्यातुकड्यांत. तांबडी रेषा छताला टेकलेली. महिन्यामागून महिने तसेच. आणि मग सप्टेंबरमध्ये, विलासराव गेले त्यानंतर थोड्या दिवसांनी, निळी रेषा उठली आणि वर चढत गेली. प्रयोगशाळेतून यंत्रासोबत आलेली मुलगी म्हणाली, अनेक वर्षं झोप तुटलेल्या माणसाचं शरीर ती अशीच भरून काढतं, त्या काळात त्याला उठवणं औषधानेही अवघड जातं. मी विलासरावांची फलटणची फेरी सांगितली. मॅडमनी चष्मा काढून ठेवला.

“पहिले एकोणचाळीस दिवस मला समजले,” त्या म्हणाल्या. “पण पुढचे बावीस? तेव्हा त्या आठ तास झोपत होत्या, तब्येत उत्तम होती. त्या दिवसांचं कारण?”

घाडगे लगेच उभे राहिले. “तेच विचारतोय, मॅडम. दिवसागणिक कारण द्यावं लागतं.”

हेमाताई माझ्याकडे बघत होत्या. त्या बावीस दिवसांत त्यांनी मला चार फोन केले होते. चारही वेळा मी सांगितलं होतं, काम चालू आहे. पण ते त्या बोलल्या नाहीत. वकिलाला कोर्टात उघडं पाडायचं नसतं, एवढी भीड त्यांना होती. माझ्या डोक्यात सवयीने एक वाक्य तयार झालं, की अर्जदाराच्या प्रकृतीत पुन्हा बिघाड. ते तोंडापर्यंत आलं. पडद्यावर ती सरपटणारी रेषा अजून होती.

“मॅडम, ते बावीस दिवस माझे आहेत,” मी म्हणालो. “बाई कागद घेऊन माझ्याकडे आल्या होत्या. मी दाखल केले नाहीत. आणि त्यांना धक्का बसला हेही मीच लिहिलं, त्यांना न विचारता.”

“तुम्ही आजारी होता?”

“नाही, मॅडम. मजेत होतो.”

“हे सिद्ध कशावरून? पक्षकाराला वाचवायला वकील काहीही बोलतात.”

मी पुढे गेलो आणि उजव्या हाताचा अंगठा डबीत घातला. चार मिनिटांनी माझे बावीस दिवस साऱ्या वकिलांसमोर पडद्यावर लागले. उत्तम झोप, ताण नावालाही नाही, लग्नातल्या गोडाने वाढलेली साखर. एका दिवशी मात्र तांबडी रेषा ताडकन वर गेली होती. मॅडमनी बोट दाखवलं. “हे काय?”

“हुरडा जास्त झाला होता, मॅडम.”

या वेळी घाडगेही मनापासून हसले. मला लाज वाटली आणि, विश्वास ठेवा, हलकंही वाटलं. चौतीस वर्षांत विलंबाच्या अर्जात मी पहिल्यांदा खरं कारण दिलं होतं.

मॅडमनी निकाल तिथेच सांगितला. यंत्र माणसाला त्रास झाला का एवढंच सांगतं. कायदा विचारतो, त्याच्याकडे कारण होतं का. सुखाने झोपलेल्या माणसाकडेही कारण असू शकतं. वकिलाच्या हलगर्जीची शिक्षा पक्षकाराला देता येणार नाही. विलंब माफ. अपिलाचा निकाल लागेपर्यंत वाटेवर भिंत घालायची नाही. वकील वसगडेकर यांच्या वर्तनाबद्दल कोर्ट तीव्र नापसंती नोंदवत आहे. ती नोंद मी उभं राहून ऐकून घेतली.

व्हरांड्यात आलो तेव्हा हेमाताई चपलेत पाय घालत होत्या. ईश्वरी अहवालाची प्रत हातात घेऊन आली. मला वाटलं रडत असेल, पण ती त्या निळ्या रेषेवर बोट ठेवून उभी होती.

“आई, इथे बघ. सगळीकडे दोन तास, अडीच तास. आणि मध्येच या चार रात्री आठ-आठ तास.”

हेमाताईंनी बघितलं. “तुझ्या बाबांची शेवटची दिवाळी.”

“मी बसले होते बाबांजवळ. म्हणजे बाबा होते तोवर या सगळ्या रात्रींत तू चारच रात्री झोपलीस, मी आले होते त्या. मला कळायला हवं होतं ग. फार उशीर केला मी.”

हेमाताईंनी तिच्या हातातला कागद घेतला, घडी केली आणि पिशवीत टाकला.

“आलीस ना,” त्या म्हणाल्या. “चल, रोपांना पाणी घालायचंय.”